सांगलीची सुमन

भाग्यश्री पटवर्धन हे नाव हिंदी चित्रपटाच्या इतिहासात एकाच चित्रपटाशी कायमचे जोडले गेले आहे. २९ डिसेंबर १९८९ रोजी ‘मैंने प्यार किया’ प्रदर्शित झाला आणि वीस वर्षांची ही सांगलीकर मुलगी काही आठवड्यांत देशभर ‘सुमन’ म्हणून ओळखली जाऊ लागली. दोन-अडीच वर्षांनी तिचे हिंदीतले नायिकापद जवळजवळ संपले होते. इतक्या मोठ्या यशानंतर इतक्या लवकर बाजूला झालेल्या नायिका हिंदी चित्रपटात थोड्याच. असे का झाले, याचे उत्तर त्यांच्या खासगी आयुष्यात जितके सापडते तितकेच त्या काळच्या चित्रपटधंद्याच्या रीतीतही सापडते.

२३ फेब्रुवारी १९६९ रोजी जन्मलेल्या भाग्यश्री या सांगलीच्या पटवर्धन राजघराण्यातल्या. संस्थानाच्या गादीचे वारस विजयसिंहराजे पटवर्धन यांच्या तीन मुलींपैकी त्या थोरल्या. पटवर्धन मूळचे कोकणातले चित्पावन. घराण्याचे मूळ पुरुष हरभट हे इचलकरंजीच्या घोरपड्यांचे कुलोपाध्याय होते. त्यांच्या मुलानातवांनी पेशव्यांच्या पदरी तलवार गाजवली, मिरजेची जहागीर मिळवली आणि पुढे तिच्या वाटण्या होऊन एकोणिसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांनी कृष्णाकाठच्या सांगलीला आपली राजधानी केली. गणपती हे घराण्याचे आराध्यदैवत. सांगलीचे गणपती मंदिर याच आप्पासाहेबांनी उभारले, आणि आजही गावातली मोठी पेठ त्याच्याच नावाने ओळखली जाते.

अभिनेत्रीच्या चरित्रात या आप्पासाहेबांना जागा देण्याचे कारण वेगळे आहे. कर्नाटकातून आलेल्या एका भागवत मंडळीचे खेळ पाहून, तसे काही मराठीत व्हावे असे त्यांच्या मनात आले. त्यांच्या आश्रयाला असलेल्या विष्णुदास भाव्यांनी ते काम अंगावर घेतले आणि १८४३ साली सांगलीत ‘सीता स्वयंवर’चा प्रयोग झाला. मराठी रंगभूमीचा आरंभ त्या प्रयोगापासून मोजतात. ५ नोव्हेंबर हा रंगभूमी दिन त्याचाच. सांगलीला ‘नाट्यपंढरी’ म्हणतात ते यामुळे. पुढे ‘शारदा’कार गोविंद बल्लाळ देवल शेजारच्या हरिपूरचे निघाले आणि बालगंधर्वांचे मूळ गाव नागठाणेही याच जिल्ह्यातले. मात्र भाव्यांच्या नाटकातली सीता पुरुषानेच रंगवली होती आणि बालगंधर्वांची सारी कीर्ती स्त्रीभूमिकांची. चांगल्या घरच्या बाईने तोंडाला रंग लावायचा नाही, हा नियम राजवाड्यापासून वाड्यापर्यंत सगळीकडे सारखाच होता. चित्रपटातही तीच अडचण आली. फाळक्यांना १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती मिळाली नाही, ती अखेर साळुंके नावाच्या तरुणाने केली, त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या, तेव्हा कुठे दार किलकिले झाले. १९३२ साली ‘प्रभात’च्या ‘अयोध्येचा राजा’त दुर्गा खोटे तारामती झाल्या. मुंबईच्या प्रतिष्ठित, सधन घरातली ती बाई; त्यांच्यामुळे ते दार बरेच उघडले. तरी नाटकाला आश्रय देणारे घराणे आणि त्या घराण्यातली मुलगी स्वतः अभिनय करते, या दोन गोष्टींमध्ये सांगलीत दीडशे वर्षांचे अंतर पडले.

दरम्यान राजवाड्याचे दिवसही बदलले होते. ८ मार्च १९४८ रोजी सांगली संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. १९७१ च्या अखेरीस संस्थानिकांचे तनखे आणि पदव्या रद्द झाल्या तेव्हा भाग्यश्री तीन वर्षांच्याही नव्हत्या. म्हणजे ‘राजकन्या’ हे विशेषण त्यांच्या बाबतीत वृत्तपत्रांनीच अधिक वापरले. कायद्याने त्या इतर कोणाही नागरिकासारख्याच वाढल्या. शिस्त मात्र घराण्याची होती. घरचे वातावरण कडक, मुलींनी कोणते कपडे घालावेत, किती वाजता घरी यावे याला बंधने, असे त्यांनी मुलाखतींतून अनेकदा सांगितले आहे.

अभिनयात त्या ठरवून आल्या नाहीत. अमोल पालेकर दूरदर्शनसाठी ‘कच्ची धूप’ ही मालिका करत होते. लुइझा मे अल्कॉट या अमेरिकन लेखिकेच्या ‘लिटल विमेन’ या कादंबरीवर ती बेतलेली होती. आई आणि वाढत्या वयाच्या मुली असलेल्या घराची ती गोष्ट, भारतीय मध्यमवर्गात आणून बसवलेली. मालिकेतली एक मुलगी ऐन वेळी काम सोडून गेली आणि पालेकरांनी परिचयातल्या भाग्यश्रींना विचारले. १९८७ मध्ये मालिका दाखवली गेली. दूरदर्शनचे ते दिवस असे होते की रात्री दिसलेला चेहरा सकाळी बाजारात ओळखला जाई. याच मालिकेत आशुतोष गोवारीकर नट म्हणून होते. पुढे ते दिग्दर्शक झाले.

‘कच्ची धूप’मधली भाग्यश्री पाहिली तर पुढे काय झाले ते समजायला मदत होते. तिथे त्या अभिनय करताहेत असे वाटतच नाही. चेहऱ्यावर अवघडलेपण आहे, पण ते त्या वयाच्या मुलीचे खरे अवघडलेपण आहे. तोवर हिंदी चित्रपटाची नायिका नाचात तरबेज आणि नजरेत धीट असायची. ‘तेजाब’ने माधुरी दीक्षित आणि ‘चांदनी’ने श्रीदेवी त्याच सुमारास शिखरावर पोहोचल्या होत्या. त्यांच्या शेजारी ठेवण्यासारखे भाग्यश्रींकडे काही नव्हते. राजश्री प्रॉडक्शन्सला मात्र नेमके असेच कोणी हवे होते.

ताराचंद बडजात्यांनी १९४७ साली काढलेल्या या संस्थेने ‘दोस्ती’, ‘चितचोर’सारखे साधे, घरगुती चित्रपट देऊन नाव कमावले होते. ‘चितचोर’चे नायक अमोल पालेकरच. ऐंशीच्या दशकात मारधाडीच्या चित्रपटांपुढे ही साधी वाट चालेना आणि संस्था अडचणीत आली. अशा वेळी ताराचंदांचे नातू सूरज बडजात्या पंचविशीत, पहिलाच चित्रपट घेऊन उभे राहिले. नायक सलमान खान यांना त्याआधी ‘बीवी हो तो ऐसी’मध्ये दुय्यम काम मिळाले होते, एवढेच. नायिकेचा शोध भाग्यश्रींपाशी थांबला. पण त्यांनी लगेच होकार दिला नाही. घरच्यांची संमती मिळवणे, शिक्षण, आणि स्वतःची अनिच्छा, या सगळ्यातून वाट काढत होकार आला तो काही अटींसह. पडद्यावर चुंबन देणार नाही, ही त्यांतली सर्वांत गाजलेली. पटकथेत तसा प्रसंग होता. बडजात्यांनी दोघांच्या मध्ये काच आणून ठेवली आणि तो प्रसंग तसाच चित्रित केला. हिंदी चित्रपटात नायिकेच्या संकोचामुळे दृश्य गाळल्याची उदाहरणे पुष्कळ. संकोचातूनच दृश्य अधिक लक्षात राहणारे झाले, असे क्वचित घडले.

चित्रपटाची गोष्ट तशी जुनीच. करण हा गरीब माणूस मुलीच्या लग्नासाठी पैसा मिळवायला परदेशी जातो आणि सुमनला आपल्या श्रीमंत मित्राच्या घरी ठेवतो. मित्राचा मुलगा प्रेम आणि सुमन यांची मैत्री, मैत्रीतून प्रेम, श्रीमंत बापाचा अहंकार, दुखावलेल्या मैत्रीतून आलेले वैर. शेवटी प्रेमने महिनाभर स्वतःच्या कष्टाने दोन हजार रुपये मिळवून दाखवावेत, अशी सुमनचा बाप अट घालतो. आजच्या प्रेक्षकाला हसू येईल अशी ही रक्कम. पण ‘श्रीमंतीपेक्षा श्रम मोठे’ हे राजश्रीचे सूत्र तिच्यात नेमके बसले होते.

या चित्रपटाचा मराठी धागा सहसा नजरेतून सुटतो. नायिका सांगलीची. नायकाची आई रीमा लागू, ज्या सलमान खान यांच्यापेक्षा अवघ्या सात वर्षांनी मोठ्या होत्या आणि या भूमिकेने हिंदी चित्रपटाच्या ‘आई’चे वयच खाली आणून गेल्या. विनोदाला लक्ष्मीकांत बेर्डे, त्यांचे हिंदीतले पहिलेच काम. संगीतकार रामलक्ष्मण म्हणजे नागपूरचे विजय पाटील. त्यांना चित्रपटात आणले दादा कोंडक्यांनी, ‘पांडू हवालदार’च्या वेळी. सुमनचा आवाज लता मंगेशकरांचा, ज्यांच्या वडिलांची बलवंत नाटक मंडळी आणि बालपणीची वर्षे सांगलीशी जोडलेली होती. साठीत पोहोचलेल्या लताबाई आणि विशीतल्या भाग्यश्री, हा मेळ कागदावर पटला नसता. पडद्यावर तो कोणाला खटकला नाही.

चित्रपट त्या वर्षीचा सर्वांत यशस्वी ठरला आणि राजश्री पुन्हा उभी राहिली. फिल्मफेअरचे सहा पुरस्कार त्याला मिळाले: सर्वोत्कृष्ट चित्रपट, संगीत, गीत, पुरुष पार्श्वगायन आणि दोन्ही नवोदितांचे. गीतकार असद भोपाली यांना हा मान आयुष्याच्या अगदी शेवटी मिळाला. तेलुगूत ‘प्रेम पावुरालु’ या नावाने चित्रपट चालला, तमिळ आणि इंग्रजी आवृत्त्या निघाल्या; कॅरिबियन भागातल्या भारतीय वंशाच्या लोकांपर्यंतही तो पोहोचला. कबुतराच्या पायाला चिठ्ठी बांधण्याचे गाणे आणि ‘फ्रेंड’ अशी अक्षरे असलेली टोपी यांचे वेड गावोगावच्या जत्रांपर्यंत गेले.

यश इतके मोठे असताना भाग्यश्रींचे लक्ष दुसरीकडे होते. हिमालय दासानी यांच्याशी त्यांची शाळेपासूनची ओळख. घरच्यांचा या लग्नाला विरोध. त्यांनी घर सोडून, देवळात, मोजक्या लोकांच्या उपस्थितीत लग्न केले. उपस्थितांमध्ये सूरज बडजात्या आणि सलमान खान होते, हे त्यांनीच पुढे सांगितले आहे. पडद्यावरच्या सुमनने बापाच्या शब्दाबाहेर पाऊल टाकले नव्हते. तिचे काम करणाऱ्या मुलीने ते टाकले. या विरोधाभासावर त्या काळच्या सिनेमासिकांनी बरीच शाई खर्च केली.

लग्नानंतर त्यांनी निर्मात्यांना कळवले की नायक म्हणून पती असेल तरच चित्रपट करीन. या एका वाक्याने कारकीर्द बुडाली, असे बहुतेक लेखांत लिहिलेले आढळते. ते अर्धेच खरे आहे. त्या काळी विवाहित नायिकेला हिंदी चित्रपटात जागाच फारशी नव्हती. बबिता आणि नीतू सिंग लग्नानंतर घरी बसल्या. डिंपल कपाडियांची कथा तर भाग्यश्रींच्या कथेची आधीची आवृत्ती वाटावी: १९७३ मध्ये ‘बॉबी’ प्रदर्शित होण्याआधीच त्यांचे लग्न झाले, चित्रपट प्रचंड चालला, आणि त्यानंतर दहा-अकरा वर्षे त्या पडद्यावर नव्हत्या. शर्मिला टागोर लग्नानंतर ‘आराधना’सारखे यश मिळवून गेल्या, पण त्यांच्याकडे बोट दाखवायचे ते अपवाद म्हणूनच. नव्वदच्या दशकात जुही चावलांनी लग्न काही काळ लोकांपासून लपवून ठेवले, यावरून नायिकेच्या मंगळसूत्राची बाजाराला किती धास्ती होती ते कळते. नायकाला असा हिशेब कधीच द्यावा लागला नाही. भाग्यश्रींनी अट घातली नसती तरी ‘घराघरातली सुमन’ आता दुसऱ्या कोणाच्या घरची झाली, म्हणून प्रस्ताव आटलेच असते. अटीने ते लवकर आटले, इतकेच.

हॉलीवूडमध्ये ग्रेस केली १९५६ मध्ये मोनॅकोच्या राजपुत्राशी लग्न करून चित्रपट सोडून गेल्या. त्या नटीची राणी झाल्या म्हणून जगाने टाळ्या वाजवल्या. इथे राजघराण्यातली मुलगी नटी झाली आणि मग व्यापारी घराण्याची सून. पण शेवट सारखाच, काम बंद.

१९९२ मध्ये पती-पत्नींचे तीन चित्रपट आले: ‘कैद में है बुलबुल’, ‘त्यागी’ आणि ‘पायल’. ‘त्यागी’मध्ये रजनीकांत आणि जयाप्रदा असूनही उपयोग झाला नाही. हे चित्रपट पडले याला पटकथा जितक्या जबाबदार तितकीच भूमिकांची निवड. सुमनमधले अवघडलेपण, तिचा हळू उमलणारा आत्मविश्वास बडजात्यांनी प्रसंगाप्रसंगातून उभा केला होता. या चित्रपटांत भाग्यश्रींना नेहमीच्या नायिकेची कामे मिळाली आणि त्या कामांत त्यांच्यापेक्षा सरस अशा अर्धा डझन नट्या मुंबईत होत्या. हिमालय यांनी पुढे अभिनय सोडला. भाग्यश्री मुलांच्या संगोपनात रमल्या. अधूनमधून दूरचित्रवाणीवर, तर कधी दक्षिणेत त्या दिसत: १९९७ मध्ये उपेंद्र यांनी दिग्दर्शित केलेला तेलुगू ‘ओंकारम’, त्याच वर्षी शिवराजकुमार यांच्याबरोबर कन्नड ‘अम्माव्र गंड’, नंतर बालकृष्ण यांच्याबरोबर तेलुगू ‘राणा’. दक्षिणेतल्या प्रेक्षकाला त्या ‘प्रेम पावुरालु’मुळे ठाऊक होत्याच.

दोन हजारनंतरची कामे विखुरलेली आहेत. ‘हमको दीवाना कर गये’ (२००६), नक्षलवादावरचा ‘रेड अलर्ट’ (२०१०) हे हिंदीत. मराठीत ‘झक मारली बायको केली’ (२००९). सांगलीच्या या अभिनेत्रीच्या वाट्याला मराठीत दखल घेण्याजोगी भूमिका आली नाही, ही मराठी चित्रपटाचीही उणीव म्हणावी लागेल. त्याच दशकात मराठीत नवे दिग्दर्शक नव्या गोष्टी घेऊन येत होते, आणि चाळिशीतल्या बाईच्या गोष्टीही त्यात होत्या. २००९ मध्येच ‘झलक दिखला जा’ या नृत्यस्पर्धेत त्या उतरल्या. २०१४ मध्ये ‘लौट आओ त्रिशा’ या मालिकेत हरवलेल्या मुलीच्या आईची मध्यवर्ती भूमिका त्यांनी केली. सुमननंतर संपूर्ण कथेचा भार त्यांच्यावर टाकणारे हे पहिलेच काम म्हणता येईल, आणि त्यांनी ते पेलले. मुली वाचवा, मुली शिकवा या मोहिमेसाठी महाराष्ट्र सरकारने त्यांना सदिच्छादूत नेमले तेही याच सुमारास. आहार आणि व्यायाम हा त्यांचा दुसरा विषय. त्याचे रीतसर शिक्षण घेऊन त्या त्यावर नियमित बोलतात.

पन्नाशीनंतर चरित्र भूमिकांची रांग लागली. २०१९ मध्ये कन्नड ‘सीताराम कल्याण’. २०२१ मध्ये जयललितांच्या जीवनावरच्या ‘थलैवी’त त्या जयललितांची आई संध्या झाल्या. ही भूमिका लक्ष देऊन पाहण्यासारखी आहे. संध्या स्वतः नटी होती आणि शिकू पाहणाऱ्या मुलीला घर चालवण्यासाठी तिने चित्रपटात लोटले. चित्रपटात येऊ नये म्हणून धडपडणारे घर भाग्यश्रींनी स्वतः पाहिले होते. इथे त्यांना नेमकी उलटी आई रंगवायची होती, आणि गरज व अपराधीपणा दोन्ही त्यांनी आवाज न चढवता दाखवले. २०२२ मध्ये ‘राधे श्याम’मध्ये त्या प्रभास यांच्या आई होत्या. २०२३ च्या ‘सजिनी शिंदे का वायरल व्हिडिओ’ या पुण्यात घडणाऱ्या चित्रपटात त्यांनी शाळेच्या मुख्याध्यापिकेचे काम केले. त्याच वर्षी ‘किसी का भाई किसी की जान’मध्ये सलमान खान यांच्याबरोबर त्या पाहुण्या कलाकार म्हणून आल्या, पती आणि मुलासह, चौतीस वर्षांपूर्वीच्या चित्रपटाची आठवण करून देण्यापलीकडे त्या दृश्याला काही काम नव्हते.

सांगलीने त्यानंतर हिंदी पडद्याला आणखी एक अभिनेत्री दिली. सई ताम्हणकर यांचा जन्म १९८६ चा, म्हणजे ‘मैंने प्यार किया’ आला तेव्हा त्या तीन वर्षांच्या. त्यांच्यामागे राजवाडा नव्हता. कबड्डीचे मैदान आणि एकांकिका स्पर्धांचा रंगमंच यांवरून त्या मालिकांत, तिथून ‘दुनियादारी’सारख्या मराठी चित्रपटांत आणि पुढे ‘मिमी’मधल्या भूमिकेसाठी फिल्मफेअरच्या सहायक अभिनेत्रीच्या पुरस्कारापर्यंत पोहोचल्या. भाग्यश्रींना पहिल्याच पावलावर जे मिळाले ते मिळवायला सई यांना तेरा-चौदा वर्षे लागली, पण त्या वर्षांत त्यांनी काम थांबवले नाही आणि ते थांबवावे अशी कोणाची अपेक्षाही उरली नव्हती. एकाच गावच्या दोन मुलींच्या वाटचालीतला हा फरक गुणांचा कमी आणि काळाचा जास्त आहे.

भाग्यश्रींच्या दोन्ही मुलांनी अभिनयच निवडला. मुलगा अभिमन्यू दासानी यांचा पहिला चित्रपट ‘मर्द को दर्द नहीं होता’ २०१८ मध्ये टोरांटोच्या चित्रपट महोत्सवात प्रेक्षकांच्या पसंतीला उतरला आणि पुढे त्यांना फिल्मफेअरचा नवोदित अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. आईला तो याच संस्थेकडून तीस वर्षांपूर्वी मिळाला होता. मुलगी अवंतिका २०२२ मध्ये ‘मिथ्या’ या वेबमालिकेतून पुढे आली. या वेळी घरातून विरोध झाला नाही.